एक थांबा सोडला

डेपोत त्यांना सगळे लोणी म्हणत. चौतीस वर्षं शहराची बस चालवली, पण कधी उभ्या प्रवाशाचा तोल गेला नाही, कुणाच्या पिशवीतलं अंडं फुटलं नाही. निवृत्तीच्या दिवशी डेपोच्या साहेबांनी भाषणात हेच सांगितलं. लोणी मान खाली घालून ऐकत होते, पण मनातल्या मनात म्हणत होते, साहेब आज पहिल्यांदाच काहीतरी बरोबर बोलतोय. खोटा विनय त्यांना कधी जमला नाही.

तर अशा माणसाला त्या सकाळी फुटपाथवर घडीच्या खुर्चीत बसवून ठेवलं होतं, आणि त्यांच्या डोळ्यांदेखत एक भाड्याचा ड्रायव्हर मिनीबस चालवत होता. चालवत कसला, हिसडत होता. क्लच सोडला की गाडी उडी मारायची, दाबला की मान टाकायची. मिनीबसच्या उघड्या दारात कॅमेऱ्याला डोळा लावून एक बाई बसली होती, आणि प्रत्येक उडीला तिचं कपाळ कॅमेऱ्यावर आपटत होतं. ती बाई म्हणजे लोणींची एकुलती एक लेक.

"आई गं!" लोणी खुर्चीतल्या खुर्चीत कळवळले. कपाळ तिचं, कळ ह्यांना.

सिनेमा तिचा होता. पहिलावहिला, स्वतःचा. त्याआधी पंधरा वर्षं तिनं दुसऱ्यांच्या सिनेमांचं छायाचित्रण केलं. सुरुवातीची दोन वर्षं तर नुसत्या लेन्सच्या पेट्या उचलल्या. मग छोटे छोटे माहितीपट, मग एकाच खोलीत, एकाच दिव्यावर एकोणीस दिवसांत काढलेला एक सिनेमा. तो कुठंकुठं फिरला आणि तिला एक पितळी बक्षीस मिळालं, चांगलं दोन किलोचं. तिच्या आईनं ते स्वयंपाकघराच्या दाराला लावलं, कारण ते दार वाऱ्यानं आपटायचं. "कधी नव्हे ते घरात उपयोगाचं काही आणलंस," आई म्हणाली होती. आई बोलायला फटकळ, पण रोज सकाळी ते बक्षीस पुसायची तीच.

"हे स्वतंत्र सिनेमा, स्वतंत्र सिनेमा म्हणता, म्हणजे काय गं?" लोणींनी एकदा जेवताना विचारलं होतं.

"म्हणजे बाबा, कुणाला विचारावं लागत नाही."

"हं. आणि?"

"आणि कुणी विचारतही नाही."

ह्यावर तिघंही हसले होते. पण लोणींना आतून बोचलं होतं, कारण न विचारणाऱ्यांत ते स्वतःही होते. ती बावीस वर्षांची असताना त्यांनी साहेबांचे पाय धरून तिच्यासाठी डेपोच्या कचेरीत नोकरी लावली होती. बसायला खुर्ची, वर पंखा, पाच वाजता सुट्टी. आणि हजर व्हायच्या दिवशी ही पोरगी कुठल्याशा सिनेमाच्या पेट्या उचलायला पळाली! लोणींनी आठ महिने तोंडाला कुलूप लावलं. पुढं कुलूप उघडलं, पण बोलणं व्हायचं ते भाजीबद्दल, रक्तदाबाच्या गोळ्यांबद्दल, गळक्या नळाबद्दल. तिच्या कामाचा विषय निघाला की लोणी उठून पाणी प्यायला जायचे. पंधरा वर्षांत त्यांनी फार पाणी प्यायलं.

आज ते इथं आले ते मिनीबसमुळं. ती एका शाळेची जुनी गाडी, शाळेच्या गॅरेजमधला मिस्त्री लोणींचा जुना दोस्त. "गाडी माझ्या शब्दावर मिळाली आहे, तेव्हा गाडीबरोबर मी येणार," असं त्यांनी ठणकावून सांगितलं होतं. लेक म्हणाली, "या की." आणि तिनं त्यांना खुर्ची दिली. खुर्चीत बसायला माणूस येतो का?

सिनेमाचं सगळं शूटिंग झालं होतं. दोन वर्षं लागली, नायिकेच्या नाटकांच्या तारखा सांभाळत सांभाळत. राहिला होता फक्त शेवटचा शॉट. गोष्ट होती हॉस्पिटलच्या धुलाईखात्यात तीस वर्षं चादरी धुतलेल्या एका बाईची. कामाच्या शेवटच्या दिवशी ती घरी निघते, चालत चालत आपल्या घरापाशी येते, आणि घरात न शिरता सरळ पुढं चालत राहते. बस्स. आठ मिनिटं ती फुटपाथवरून चालणार आणि कॅमेरा तिच्या शेजारून चालणार, मध्ये एकदाही न तुटता. त्यासाठी हा रस्ता ह्या एका सकाळी आठपर्यंत बंद ठेवायची परवानगी मिळाली होती, तीही पाच महिने खेटे घातल्यावर. ऊन सातच्या सुमारास ह्या फुटपाथवर उतरायचं आणि साडेसातनंतर इतकं कडक व्हायचं की चेहरे पांढरेफटक दिसायचे. नायिका उद्याच नाटकाच्या दौऱ्यावर निघणार होती, ती सहा महिन्यांनी परतणार. आज शॉट मिळाला तर सिनेमाला शेवट होता. नाही तर चार वर्षांचं लिखाण आणि दोन वर्षांचं शूटिंग, सगळं मुसळ केरात.

हे लोणींना ठाऊक होतं. म्हणूनच तिसऱ्या तालमीत गाडीनं चौथी उडी मारली तेव्हा त्यांच्यानं राहवलं नाही. ते उठले आणि तरातरा मिनीबसच्या पुढं जाऊन उभे राहिले.

"उतर खाली," ते भाड्याच्या ड्रायव्हरला म्हणाले.

"काका, बाजूला व्हा. इतक्या हळू गाडी चालते का कधी? हाफ क्लचवर गचके बसणारच."

"हाफ क्लचवर चालवायला सांगितलंय कुणी तुला? ही काय चढावर अडकलेली लॉरी आहे?"

लेक कॅमेऱ्यामागून बाहेर आली. कपाळावर लाल वण उठला होता. तिच्या मागोमाग सहायक दिग्दर्शिका धावत आली. तिला सगळे घड्याळ म्हणत, कारण तिचं प्रत्येक वाक्य वेळेनं सुरू व्हायचं.

"सहा पन्नास झालेत," घड्याळ म्हणाली. "हे गृहस्थ कोण?"

"माझे बाबा," लेक म्हणाली. "बोला, बाबा."

 पंधरा वर्षांत तिनं तिच्या कामाच्या जागी त्यांना 'बोला' म्हटलं नव्हतं. त्यांनी संधीच कुठं दिली होती म्हणा.

"डिझेल गाडी आहे," ते म्हणाले. "पहिल्या गिअरमध्ये टाकायची आणि दोन्ही पाय काढून घ्यायचे. ॲक्सिलरेटर नाही, क्लच नाही. ती आपल्या आपण चालते. माणूस कामावरून घरी जाताना चालतो ना, तेवढ्याच चालीनं. तुम्ही गाडीला बाईंच्या चालीनं पळवताय, तिथंच घोडं अडलंय. बाईंना सांगा, गाडीबरोबर चाला. त्या लाल पत्रपेटीपाशी उतार आहे, तिथं मी ब्रेकवर पायाचा नुसता अंगठा ठेवीन. तुझ्या कॅमेऱ्याला पत्ता लागणार नाही."

 लेक नायिकेकडं वळली. नायिका साठीला टेकलेली, रंगभूमीवर मुरलेली बाई, फुटपाथच्या कडेवर बसून पायात चपला घालत होती.

"ऐकलंत?"

"ऐकलं," नायिका म्हणाली. "दोन वर्षांत पहिल्यांदाच कुणीतरी मला नक्की किती वेगानं चालायचं ते सांगितलं. चालवू द्या त्यांना."

भाड्याचा ड्रायव्हर पुटपुटत उतरला. लोणी चढले. सीट दोन बोटं पुढं घेतली, आरसा फिरवला, स्टिअरिंगवर तळवे ठेवले. आरशात लेक दिसली, दारात वाळूच्या पिशव्यांमध्ये कॅमेऱ्यामागं बसलेली, आणि तिच्या बाजूला अंतर मोजून फोकस धरणारी सहायक. लोणींच्या अंगावर मूठभर मांस चढलं. सहा वर्षं झाली होती बस सोडून.

पहिला टेक सात वाजून पाच मिनिटांनी सुरू झाला. लेक म्हणाली, "ॲक्शन," आणि लोणींनी क्लच असा सोडला की गाडी निघाली कधी हे त्यांनाच ठाऊक. पहिली दोन मिनिटं मिनीबसमध्ये कुणी श्वास मोठ्यानं घेतला नाही. बंद दुकानांची दारं एकेक करून मागं सरकत होती, नायिका खांद्याला पिशवी अडकवून चालत होती, आणि तिच्या आणि गाडीच्या मधलं अंतर वीतभरही बदलत नव्हतं. पत्रपेटी आली, उतार आला, लोणींनी अंगठा टेकवला, उतार गेला. नायिका तिच्या घराच्या पायरीपाशी आली, थबकली नाही, पुढं निघाली. मागून लेकीचा अगदी हळू आवाज आला, "वा, बाबा."

ह्या दोन शब्दांनी घात केला की सवयीनं, देव जाणे. पुढं बसथांबा होता. थांब्याच्या बाकावर एक आजी बसल्या होत्या, हातात कापडी पिशवी. खऱ्या आजी, सिनेमातल्या नव्हेत. रस्ता बंद असल्याचा फलक त्यांच्या डोक्यावरच टांगला होता, पण रोज ज्या बसनं जातो ती आज येणार नाही, हे त्यांना काही पटलं नव्हतं. बसल्या आहेत तर बसू देत, थांबा भरलेला दिसेल, म्हणून लेकीनंच त्यांना उठवू दिलं नव्हतं. मिनीबस येताना बघून आजी उठल्या, फुटपाथच्या कडेला आल्या आणि त्यांनी हात दाखवला.

लोणींच्या पायानं लोणींना विचारलंच नाही. गाडी थांब्याच्या रेषेवर, फुटपाथपासून एक वीत अंतरावर, अशी अलगद उभी राहिली की क्षणभर लेकीलाही कळलं नाही. नायिका चालत चालत चौकटीतून बाहेर गेली. आजींनी एक पाय पायरीवर ठेवला आणि थेट लेन्समध्ये तोंड घालून म्हणाल्या, "जरा सरका हो, बाई. दारातच काय मांडून बसलात?"

"कट," लेक म्हणाली.

हसण्याचा असा कल्लोळ उठला की रस्त्याच्या दोन्ही टोकांना ऐकू गेला. भाड्याचा ड्रायव्हर तर पोट धरून खाली बसला. लोणी स्टिअरिंग घट्ट धरून समोर बघत राहिले. कान तापले होते. एक काम, एकच काम पोरीनं दिलं, आणि तेही ह्या गाढवानं नासवलं! ते दार उघडून उतरायला निघाले.

घड्याळ आली. "सात चौदा. फार तर एक टेक होईल. दुसऱ्या ड्रायव्हरला बसवू या. गाडी थोडी हलली तर नंतर कंप्युटरवर सावरता येईल. ह्यांचं सांगता येत नाही, पुन्हा थांबले तर?"

"बरोबर आहे तिचं," लोणी म्हणाले. "मी उतरतो. माझ्यानं होणार नाही. हात दाखवलेला माणूस सोडून पुढं जाणं मला येतच नाही. पहिल्या वर्षी एकदा उशीर झाला म्हणून सोडला होता थांबा. एक बाई पळत आली होती, काखेत पोर. आरशात ती लहान लहान होत गेली, आणि हात तसाच वर. त्या दिवशी कानाला खडा लावला. पुढं तेहतीस वर्षांत एक थांबा सोडला नाही."

 लेक थांब्याकडं बघत होती. तिथं घड्याळाची एक सहकारी आजींना समजावत होती, आणि आजी कुणाच्या बापाला ऐकणाऱ्या नव्हत्या.

"आजी, ही बस नाही. शूटिंग चाललंय."

"मग मघाशी थांबली ती?"

"चुकून थांबली."

"मग पुन्हा चुकेल की. मी उभी आहे."

"उचला त्यांना तिथून," घड्याळ म्हणाली. "म्हणजे प्रश्नच मिटला."

"नाही," लेक म्हणाली. "कुणी हात लावायचा नाही त्यांना. आणि आता काही सांगायचंही नाही." तिचा आवाज एकदम बदलला होता. लोणींनी तो आवाज घरात कधी ऐकला नव्हता. त्यात विनवणी नव्हती, चिडचिड नव्हती. ज्याला आपलं काम ठाऊक आहे त्याचा आवाज होता तो. "थांबायच्या आधीचे तीन सेकंद मी कॅमेऱ्यातून बघितलेत. त्या हात करतात, आणि आपली बाई त्यांच्या मागून निघून जाते, वळूनही न बघता. चार वर्षं मी हेच लिहायचा प्रयत्न करत होते आणि मला येत नव्हतं. कुणीतरी थांब म्हणतंय आणि आपण थांबत नाही. तो हात मला हवाय. आणि गाडी बाबाच चालवतील."

"पण ते थांबले तर?" घड्याळ म्हणाली.

"तर सिनेमाला शेवट नाही. पण गाडी हलली तरी शेवट नाहीच." मग ती तिथं जमलेल्या सगळ्यांकडं वळली. पंधराएक माणसं असतील. "तुम्ही सगळे मला विचारत असता ना, मी कॅमेरा नेहमी ह्याच उंचीवर का लावते? शिकलीस कुठं? मुलाखतीतही विचारतात. मी काहीतरी ठोकून देते. खरं सांगायचं तर ही बसच्या खिडकीची उंची आहे. आईला हॉस्पिटलची पाळी असायची, म्हणून शाळा सुटली की मी ह्यांच्या मागच्या सीटवर. सात वर्षं, रोज तीन फेऱ्या. बाकीची मुलं मैदानात, मी खिडकीत. रस्ता कसा सरकतो, माणसं कशी येतात आणि जातात, ऊन कुठल्या वळणावर तोंडावर येतं, हे सगळं मी तिथं शिकले. आणि गाडी एकदाही हलली नाही, म्हणून शिकले. हे माझे पहिले गुरू आहेत. कुणाला काही म्हणायचंय?"

 भाड्याच्या ड्रायव्हरनं तोंडातलं च्युइंगम गिळलं.

 त्या फेऱ्यांची लोणींना आजवर शरमच वाटत आली होती. लोकांची पोरं खेळतात आणि आपली पोर धुरात, घामात, डबा मांडीवर घेऊन वणवण फिरते, म्हणून ते मनातून झुरायचे. ती बिचारी कंटाळून खिडकीबाहेर बघत असेल, असं वाटायचं. ती शिकत होती होय! आणि आपण तिला पंख्याखालच्या खुर्चीत बसवायला निघालो होतो.

"पोरी," ते हळूच म्हणाले, "नाही जमलं तर?"

"जमेल."

"तुला कसं ठाऊक?"

"मला नाही ठाऊक, बाबा. चला, ऊन चाललंय."

गाडी पुन्हा सुरुवातीच्या जागी आली. सात वाजून बावीस मिनिटं. लोणींनी पँटला तळवे पुसले.  भर गर्दीत दोन्ही आरसे फुटलेली बस त्यांनी डेपोत आणली होती तेव्हाही तळवे पुसावे लागले नव्हते. मागून आवाज आला, "ॲक्शन."

पहिला गिअर. पाय काढले. गाडी निघाली. आता ऊन थोडं वर आलं होतं आणि नायिकेची सावली दुकानांच्या दारांवर चढत होती. पत्रपेटी आली, अंगठा टेकवला, उचलला. घराची पायरी आली. नायिकेनं ह्या वेळी पायरीकडं एकदा नुसतं पाहिलं, ओळखीच्या माणसाकडं बघावं तसं, आणि पुढं निघाली. लोणींना वाटलं, ही बाई खरंच चाललीय कुठंतरी. मग त्यांनी समोर पाहिलं आणि थांबा दिसला.

आजी आधीच उठून उभ्या होत्या. पन्नास पावलं. लोणींनी दोन्ही पाय सीटखाली ओढून घेतले आणि घोट्यांत घोटे अडकवले, शाळेतली पोरं अडकवतात तसे. चाळीस पावलं. आजींनी हात वर केला. तीस. उजवा पाय सुटायला बघत होता. त्यांनी दातांत ओठ धरला. आजी पुढं आल्या, त्यांच्याकडंच बघत होत्या, काचेतून थेट त्यांच्या डोळ्यांत, आणि चेहऱ्यावर पक्का भरवसा होता की हा थांबणार. मघाशी थांबला, आताही थांबणार. कशाला नाही थांबणार?

"अहो!" आजी म्हणाल्या.

लोणी पुढं गेले. त्यांच्या अंगावर काटा आला, डोळ्यांत पाणी आलं, पण हातातलं स्टिअरिंग सूतभर हललं नाही. "अहो, थांबा की! दिसत नाही का?" हे त्यांना दारातून ऐकू आलं, आणि मग मागून, आणि मग आणखी मागून. चौतीस वर्षांत कुणी त्यांना असं ओरडलं नव्हतं. आरशात बघायचं नाही, असं त्यांनी ठरवलं होतं. तरी बघितलं. आजींचा हात अजून वर होता. त्यांच्या मागून नायिका निघून आली होती, न वळता. आणि दारात लेक होती, डोळा कॅमेऱ्याला, एक हात लेन्सवर, आणि तिचा दुसरा, रिकामा हात पाठीमागं येऊन ह्यांच्या सीटची कड घट्ट धरून होता.

उरलेली दोन मिनिटं लोणी कसे चालवत गेले ते त्यांना नंतर आठवेना. कोपरा आला. नायिका कोपऱ्यावरून वळली आणि दिसेनाशी झाली. रिकामा फुटपाथ तेवढा उन्हात राहिला. लेक थांबून होती. पाच सेकंद, दहा सेकंद.

"कट," ती म्हणाली.  फोकस धरणाऱ्या सहायिकेनं तिच्या पाठीवर थाप मारली, तशी ती एकदम ओरडली. "मिळाला! बाबा, मिळाला! झाला आपला सिनेमा!"

रस्त्यावर टाळ्या वाजायला लागल्या. घड्याळ धावत येत होती आणि पहिल्यांदाच तिनं वेळ सांगितली नाही. लेक मागून वाकली आणि तिनं लोणींच्या गळ्यात हात टाकला. लोणींनी तो थोपटला, आणि मग बाजूला केला.

"नीट धरून बस," ते म्हणाले.

"का? कुठं निघालात?"

 लोणींनी गाडी वळवली. उलट्या बाजूनं घुसले नाहीत, रस्ता मोकळा असूनही रीतसर चौकाचा वळसा घेतला, इंडिकेटरचा दांडा मोडेल इतका दाबला, आणि पुन्हा त्याच फुटपाथला लागले. वॉकीटॉकीवर घड्याळ किंचाळत होती, "गाडी कुठं चालली? कॅमेरा आत आहे! दिग्दर्शक आत आहे!" लेकीनं तो आवाज बंद केला.

आजी थांब्यावर तशाच उभ्या होत्या, रागानं लाल. लोणींनी गाडी थांब्याच्या रेषेवर उभी केली. लेकीनं कॅमेरा आत ओढला, वाळूची पिशवी सरकवली आणि आजींना हात दिला. आजींनी तो घेतला, वर चढल्या, ड्रायव्हरच्या मागच्या सीटवर बसल्या, पिशवी मांडीवर ठेवली, आणि तोंडाचा पट्टा सुरू केला.

"म्हातारं माणूस हात करून उभं आहे, आणि खुशाल पुढं जाता? डोळे फुटले होते? इतकी वर्षं ह्या थांब्यावर उभी राहते, असं कुणी केलं नाही माझ्याशी. ही काय रीत झाली? बोला ना आता! का नाही थांबलात?"

लोणी सीटवर पूर्ण वळले. चौतीस वर्षांत त्यांनी प्रवाशाला कधी सबब सांगितली नव्हती. सांगायची वेळच आली नव्हती. त्यांनी आजींकडं पाहिलं, मग दारात वाळूच्या पिशवीवर बसलेल्या, कपाळावर लाल वण घेतलेल्या बाईकडं पाहिलं.

"चुकलं माझं, आजी," ते म्हणाले. "पण लेकीचं काम होतं. फार मोठं काम करते ती."

आजींचा पट्टा बंद पडला. त्यांनी लेकीला वरून खालपर्यंत न्याहाळलं, कॅमेऱ्याकडं बघितलं, पुन्हा तिच्याकडं बघितलं.

"मग तसं सांगायचं ना आधीच," त्या म्हणाल्या. "नुसतं शूटिंग शूटिंग काय लावलं होतं सगळ्यांनी? लेकीचं काम आहे म्हटलं असतं, तर मी हातच केला नसता."

लेक हसायला लागली. हसता हसता तिनं चेहरा ओंजळीत धरला, आणि मग बराच वेळ ओंजळ काढली नाही. लोणींनी तिला हटकलं नाही. त्यांनी आरसा नीट केला, आजी टेकून बसल्या आहेत ना ते पाहिलं, आणि विचारलं, "कुठं जायचंय?"